जर्मन गुन्हेपटांचा लेखक-दिग्दर्शक व्हायचे असेल, तर आधी लेखन की आधी दिग्दर्शन?

आपला प्रश्न मला समजला तो असा. जर्मन गुन्हेपटांच्या श्रेयनामावलीत पुष्कळदा लेखक आणि दिग्दर्शक म्हणून एकच नाव दिसते. आपण पुण्यात जर्मन शिकत आहात, काही लघुपट केले आहेत, एका गुन्हेकथेची पटकथा लिहून तयार आहे, आणि जर्मनीत जाऊन अशी दुहेरी कारकीर्द घडवायची असेल तर आधी लेखक व्हावे की आधी दिग्दर्शक, हे आपल्याला जाणून घ्यायचे आहे. मी बरीच वर्षे कोलोनमध्ये गुन्हेपटांच्या पटकथांवर सल्लागार म्हणून काम करतो. लेखकाचा पहिला मसुदा आणि चित्रीकरणाला जाणारी शेवटची प्रत यांच्या मधल्या फेऱ्या माझ्या टेबलावरून जातात, त्यामुळे उत्तरही त्या टेबलावरून जसे दिसते तसेच देतो.

लेखन आधी की दिग्दर्शन, याचा निर्णय आपल्याला वाटतो तितका आपल्या हातात नसतो. त्याआधी हे पाहावे लागते की जर्मनीत गुन्हेपट करण्याची संधी कोण देतो, आणि त्या माणसाने एकाच व्यक्तीवर दोन जबाबदाऱ्या कशाच्या भरवशावर टाकाव्यात. आपल्याकडे चित्रपट म्हटला की निर्माता आणि चित्रपटगृह डोळ्यांसमोर येते. जर्मनीत गुन्हेकथेचे मुख्य घर दूरचित्रवाणी आहे, आणि तीही सार्वजनिक वाहिन्यांची. एआरडी या वाहिनीसमूहाची 'टाटोर्ट' ही मालिका 29 नोव्हेंबर 1970 रोजी सुरू झाली आणि आजही रविवारी रात्री सव्वाआठला, बातम्या संपल्या की लागते. तिचा प्रत्येक भाग म्हणजे जवळपास दीड तासाचा स्वतंत्र चित्रपट असतो. म्युनिक, कोलोन, ड्रेस्डेन, कील अशा शहरांची आपापली पोलीस पथके आहेत आणि प्रत्येक पथकामागे त्या त्या प्रदेशाची वाहिनी उभी आहे. पूर्व जर्मनीच्या दूरचित्रवाणीने 1971 मध्ये सुरू केलेली 'पोलित्साइरूफ 110' ही मालिका देशाच्या एकीकरणानंतरही टिकली आणि आता तिचे भागही रविवारच्या त्याच वेळेत अधूनमधून येतात. झेडडीएफ या दुसऱ्या मोठ्या वाहिनीचे गुन्हेपट वेगळेच. हा सगळा डोलारा मुख्यतः घराघरांतून घेतल्या जाणाऱ्या प्रसारण शुल्कावर चालतो. ऑगस्ट 2021 पासून ते शुल्क दरमहा 18.36 युरो आहे.

या व्यवस्थेत निर्णायक व्यक्ती म्हणजे वाहिनीचा कथा-संपादक किंवा संपादिका. निर्मिती कंपनी पटकथा विकसित करते, पण कोणती कथा पुढे जाणार, तिचे दिग्दर्शन कोणाकडे द्यायचे आणि कोणत्या मसुद्यावर थांबायचे, यात संपादकाचा शब्द फार जड असतो. त्याच्यासमोर रविवारचा एक ठरलेला दिवस असतो, चित्रीकरणासाठी साधारण वीस-बावीस दिवस असतात, आणि लाखो घरांत एकाच वेळी पोहोचणारा चित्रपट असतो. एवढे ओझे असताना तो अनोळखी माणसाला दोन्ही कामे देत नाही. तो आधी त्याला एक काम देतो आणि ते कसे पार पडते ते पाहतो.

आपल्या बाबतीत उत्तर बदलू शकेल अशा काही गोष्टी आहेत. आपले वय काय, आपली जर्मन बोलीभाषा पेलण्याइतकी पक्की आहे का, आपण तिथल्या चित्रपट विद्यालयात शिकायला तयार आहात का, आणि काही वर्षे अनिश्चित उत्पन्नावर राहणे आपल्याला शक्य आहे का, हे मला माहीत नाही. म्हणून एकच वाट सांगण्याऐवजी आधी दोन वेगळ्या कारकिर्दी समोर ठेवतो. दोन्ही गुन्हेपटांच्याच आहेत, पण लेखन आणि दिग्दर्शन यांचा संबंध त्यांत अगदी वेगवेगळ्या प्रकारे जुळला आहे.

पहिली कारकीर्द लार्स बेकर यांची, आणि आपल्या मनातल्या चित्राशी तीच सर्वाधिक जुळते. त्यांचे काम मुख्यतः हॅम्बुर्गमधले. त्यांनी गुन्हे-कादंबऱ्या लिहिल्या, 1990 च्या दशकात 'शाटनबॉक्सर' आणि 'बुंटे हुंडे' हे चित्रपट केले, आणि 2000 मध्ये फेरीदुन झैमोग्लू यांच्या पुस्तकावरून 'कानाक अटॅक' केला. 2003 पासून झेडडीएफवर त्यांची 'नाख्टशिष्ट' ही चित्रपटमालिका सुरू झाली. तिची पटकथाही त्यांची आणि दिग्दर्शनही त्यांचेच. हॅम्बुर्ग पोलिसांच्या रात्रपाळीचे पथक हा तिचा विषय. प्रत्येक चित्रपट एका रात्रीत घडतो आणि त्या रात्री पथकाकडे आलेली प्रकरणे एकमेकांत गुंतत जातात. नट आर्मिन रोडे या मालिकेचा चेहरा झाले.

एका रात्रीची ही चौकट पाहणाऱ्याला केवळ कथेची युक्ती वाटते. माझ्या टेबलावरून तिच्यात दिग्दर्शकाचे पूर्ण गणित दिसते. हॅम्बुर्ग इतके उत्तरेला आहे की जूनच्या अखेरीस सूर्य रात्री दहाच्या सुमारास मावळतो आणि पहाटे पाचच्या आत उगवतो. संधिप्रकाश वजा केला तर चित्रीकरणायोग्य काळोख हाताशी उरतो तो मोजक्या तासांचा. त्यात दोन पाळ्यांच्या मध्ये अकरा तासांची विश्रांती देणे कायद्याने बंधनकारक आहे. म्हणजे रात्रीचे प्रसंग सहज लिहून टाकणाऱ्या लेखकाने निर्मात्यापुढे केवढा डोंगर उभा केला आहे, याची त्या लेखकाला बहुधा कल्पनाही नसते. जो स्वतः दिग्दर्शन करणार आहे तो लिहितानाच ठरवतो की कोणता प्रसंग पोलीस चौकीच्या आत, खिडक्या झाकून, दिवसाही घेता येईल, कोणता गाडीच्या आत उरकेल, आणि कोणत्या एका प्रसंगासाठी खरा, उघड्यावरचा काळोख राखून ठेवायचा. एकाच हातात दोन्ही कामे असण्याचा खरा लाभ हा आहे. कागदावरचा निर्णय आणि चित्रीकरणस्थळावरचा निर्णय एकाच डोक्यात होतात, आणि मधल्या भाषांतरात काही गळत नाही. बेकर यांच्या चित्रपटांना जो वेग आहे त्याचे मूळ मला इथे दिसते.

दुसरी कारकीर्द डोमिनिक ग्राफ यांची, आणि तिच्यावर मी अधिक रेंगाळणार आहे, कारण नव्या माणसाने ती समजून घेणे मला फार आवश्यक वाटते. ग्राफ 1952 मध्ये म्युनिकला जन्मले. आई-वडील दोघेही नट होते. म्युनिकच्या चित्रपट विद्यालयातून ते बाहेर पडले आणि त्यांचे हात घडले ते 'डेर फाहंडर' या संध्याकाळच्या पोलीस मालिकेवर. संध्याकाळच्या मालिकेत वेळ कमी, पैसा कमी आणि भाग ठरलेल्या दिवशी द्यावाच लागतो. 1988 मध्ये त्यांचा 'डी काट्से' आला. ड्युसेलडॉर्फमधल्या एका बँकेत ओलीसनाट्य सुरू आहे आणि समोरच्या हॉटेलच्या वरच्या मजल्यावरील खोलीत बसलेला सूत्रधार बिनतारी संचावरून आपल्या साथीदारांना सूचना देत आहे. ती भूमिका गोट्झ गेओर्ग यांची. त्या खिडकीतून बँक दिसते, पोलिसांचा वेढा दिसतो, आणि पोलिसांना मात्र तो दिसत नाही. संपूर्ण थरार या एका भौमितिक मांडणीतून निघतो. ती मांडणी उवे एरिक्सेन यांची कादंबरी, क्रिस्टोफ फ्रोम यांची पटकथा आणि ग्राफ यांचे दिग्दर्शन, अशा तीन हातांतून आली आहे. त्या वर्षी जर्मन चित्रपट पुरस्कारांत ग्राफ यांना दिग्दर्शनाचा सन्मान मिळाला.

त्यानंतर 1994 मध्ये पोलिसांच्या विशेष पथकावरचा 'डी झीगर' हा खर्चिक चित्रपट आला आणि चित्रपटगृहांत तो चालला नाही. अशा अपयशानंतर कित्येकांची कारकीर्द थांबते. ग्राफ यांनी दूरचित्रवाणीकडे तोंड वळवले, आणि तेही नाइलाज म्हणून नव्हे. 'डी झीगर'चे लेखक ग्युंटर श्युट्टर यांच्याच पटकथेवर त्यांनी 1995 मध्ये म्युनिकच्या पथकाचा 'फ्राउ बू लाख्ट' हा 'टाटोर्ट' केला, आणि तो आजही या मालिकेतल्या उत्तम चित्रपटांत गणला जातो. पुढे रोल्फ बाझेडोव यांच्या लेखनावर त्यांनी बर्लिनमधल्या रशियन गुन्हेगारी जगाची 'इम आंगेझिष्ट डेस फेरब्रेखेन्स' ही दहा भागांची मालिका केली. चित्रीकरण लांबले, निर्मिती कंपनीचे दिवाळे निघाले, तरी 2010 मध्ये बर्लिन महोत्सवात ती दाखवली गेली, आणि प्रक्षेपणाच्या वेळी प्रेक्षकसंख्या बेताची राहूनही समीक्षकांनी आणि पुरस्कार समित्यांनी तिला डोक्यावर घेतले. दूरचित्रवाणीसाठी दिल्या जाणाऱ्या ग्रिम पुरस्काराने ग्राफ यांचा वारंवार गौरव झाला आहे.

आता लक्षात घ्या, ग्राफ यांनी आपले महत्त्वाचे गुन्हेपट बहुतांशी दुसऱ्यांच्या पटकथांवर केले. फ्रोम, श्युट्टर, बाझेडोव, फ्रीडरिष आनी या लेखकांशी त्यांचे नाते वर्षानुवर्षांचे आहे. श्रेयनामावलीत दोन्ही जागी त्यांचे नाव नसते, पण चित्रपट पाहताना तो त्यांचाच आहे हे पहिल्या काही मिनिटांत कळते. म्हणून लेखक-दिग्दर्शक होण्याची ओढ जर आपला ठसा उमटवण्यासाठी असेल, तर तो ठसा एका जिवाभावाच्या लेखकाबरोबर राहूनही उमटतो, हे आपण मनात ठेवावे असे मला कळकळीने वाटते. जर्मन गुन्हेपटाच्या आरंभीदेखील अशीच जोडी होती. 1931 चा 'एम' फ्रिट्झ लांग यांनी दिग्दर्शित केला आणि त्याच्या पटकथेत त्यांच्या पत्नी थेया फॉन हार्बो यांचा मोठा वाटा होता. पुढे हार्बो यांनी स्वतः दोन चित्रपटांचे दिग्दर्शनही केले. लांग यांच्यापासून वेगळ्या झाल्यावर त्यांनी बर्लिनमध्ये राहणारे बेळगावकडचे मराठी पत्रकार डॉ. ए. जी. तेंडुलकर यांच्याशी विवाह केला, हे मराठी वाचकांपैकी फार थोड्यांना ठाऊक असते.

निव्वळ लेखकाची वाट काय, असेही आपण विचाराल. तिचे टोकाचे उदाहरण हर्बर्ट राइनेकर यांचे. 1974 ते 1998 या काळात चाललेल्या 'डेरिक' मालिकेचे सर्वच्या सर्व 281 भाग त्यांनी एकट्याने लिहिले. दूरदर्शनवर 'द ओल्ड फॉक्स' या नावाने जी जर्मन पोलीस मालिका आपल्याकडच्या मागच्या पिढीने पाहिली, ती 1977 मध्ये सुरू झालेली 'डेर आल्टे', आणि तिचे निर्माते हेल्मुट रिंगेलमान हेच 'डेरिक'चेही निर्माते. त्या काळात एक लेखक आणि एक निर्माता मिळून पाव शतकाची मालिका उभी करू शकत होते. आज ते घडणे कठीण आहे. आज एका पटकथेवर निर्माता, सल्लागार, एक किंवा दोन संपादक आणि नंतर दिग्दर्शक असे अनेक जण बोलतात, आणि दिग्दर्शक आल्यावर लेखक बाजूला पडतो, ही लेखकांची जुनी तक्रार आहे. 2018 मध्ये अनेक नामवंत पटकथालेखकांनी 'कॉन्ट्राक्ट 18' नावाने आपल्या अटी जाहीर केल्या. दिग्दर्शकाच्या निवडीत आपले मत घेतले जावे, संहितेच्या वाचनाला आणि पहिल्या संकलित प्रतीच्या पाहणीला आपल्याला बोलावले जावे, प्रसिद्धीत आपले नाव असावे, अशा त्या अटी होत्या. पुष्कळ लेखकांना दिग्दर्शनाकडे वळावेसे वाटते ते याच अनुभवामुळे. ती प्रेरणा मला समजते. पण केवळ आपल्या ओळी वाचवण्यासाठी दिग्दर्शन स्वीकारलेला माणूस नटांशी बोलताना आणि कॅमेऱ्याची जागा ठरवताना अडखळतो, हेही मी वारंवार पाहिले आहे.

संपादक विश्वास कशावरून ठेवतो, ते एका प्रसंगावरून सांगतो. जवळपास प्रत्येक गुन्हेपटात मृत्यूची बातमी घरी सांगण्याचा प्रसंग असतो. नवा लेखक तो असा लिहितो : दोन पोलीस दारात, 'आम्ही आत येऊ का', स्त्री भिंतीला टेकते, रडते, मग शेवटचे कधी भेटलात वगैरे प्रश्न. दोन पाने संवाद आणि त्यात एकही नवी गोष्ट नाही. अलीकडे आलेल्या एका मसुद्यात हाच प्रसंग वेगळा होता. स्त्री स्वयंपाकघरात रिकाम्या प्लास्टिकच्या बाटल्या दुकानात परत करण्यासाठी पिशवीत भरत आहे. जर्मनीत अशा बाटलीमागे पंचवीस सेंट अनामत परत मिळते. बातमी ऐकल्यावर ती थांबत नाही, पिशवी भरतच राहते, आणि तरुण पोलिसाच्या लक्षात येते की ती बाटल्या मनातल्या मनात मोजत आहे. त्या घरात पैशांची किती ओढाताण आहे हे कोणी न बोलता कळते, आणि पुढच्या तपासात विम्याचा प्रश्न येतो तेव्हा प्रेक्षकाला तो आठवतो. शिवाय सगळे एका खोलीत, दोन-तीन नटांत, अर्ध्या दिवसात चित्रित होते. एका जागेवरून दुसऱ्या जागी सगळा ताफा हलवायचा म्हटले की तासन्‌तास जातात, त्यामुळे असे पान वाचले की संपादकाला कळते की लिहिणाऱ्याला चित्रीकरण कळते. दिग्दर्शन मिळण्याची पात्रता पटकथेच्या पानावर दिसते ती अशी.

या मालिकांची ठरलेली चौकट मोडता येते का, असेही आपण विचाराल. मोडता येते. 2014 चा 'इम श्मेर्त्स गेबोरेन' हा नट उलरिश टुकुर यांची मुख्य भूमिका असलेला 'टाटोर्ट' नाटकाची आणि 'वेस्टर्न' म्हणजे काउबॉयपटांची रीत उघडपणे वापरतो, त्यात मृतांची संख्या पन्नासच्या घरात जाते, आणि त्याला मोठी दादही मिळाली. परंतु नंतर एआरडीने असे प्रयोगशील भाग वर्षाला दोनांपुरते मर्यादित ठेवण्याचे ठरवले. पहिल्याच कामात आपल्याला त्या दोनांत जागा मिळेल, असे धरून चालू नये.

मोठ्या खर्चाच्या मालिकांचे गणित निराळे आहे. 2017 मध्ये आलेल्या 'बाबिलोन बर्लिन'चे लेखन आणि दिग्दर्शन टॉम टिक्वर, आखिम फॉन बोरीस आणि हेंक हांडलोगटेन या तिघांनी मिळून केले, आणि पहिल्या दोन पर्वांचा खर्च चाळीस दशलक्ष युरोंच्या आसपास गेला. पण हे तिघेही त्या आधी अनेक वर्षे चित्रपट करत होते. तो टप्पा आपल्यासाठी आज विचारात घेण्याचा नाही.

पैशांचे थोडक्यात. लेखक म्हणून आणि दिग्दर्शक म्हणून करार वेगळे होतात. पुनर्प्रक्षेपण आणि इतर वापरांवरचे काही मानधन लेखकाला 'फाउ-गे वोर्ट' या संस्थेकडून तर दिग्दर्शकाला 'फाउ-गे बिल्ड-कुन्स्ट'कडून येते. स्वतंत्र कलावंतांसाठी 1983 पासून असलेल्या कलावंत सामाजिक निधीत नाव नोंदले गेले की आरोग्य आणि निवृत्तिवेतन विम्याचा जवळपास अर्धाच भार आपल्यावर पडतो. सुरुवातीच्या वर्षांत हा आधार फार मोठा ठरतो, म्हणून व्यावसायिक काम सुरू होताच ही नोंदणी करण्याचा प्रयत्न करावा.

आता आपल्यापुरते. माझा सल्ला असा की आपण दिग्दर्शन शिकण्यासाठी विद्यालयात प्रवेश घ्यावा आणि लेखनाच्या बळावर बाहेर यावे. म्युनिक, बर्लिन, लुडविग्सबुर्ग, बाबेल्सबर्ग आणि कोलोन इथे मान्यवर विद्यालये आहेत. तिथे आपले भावी निर्माते, छायालेखक आणि संपादक आपल्याच वर्गात भेटतात, आणि बाहेरून आलेल्या माणसाला हे नातेजाल दुसऱ्या कोणत्याही मार्गाने इतक्या लवकर मिळत नाही. 1966 मध्ये बर्लिनच्या विद्यालयाच्या पहिल्या तुकडीत असलेल्या वोल्फगांग पेटरसन यांचेच पाहा. त्यांनी अनेक 'टाटोर्ट' केले, त्यातल्या 1977 च्या 'राइफेत्सॉइग्निस'ने ते घराघरांत पोहोचले, आणि त्यांचा 'दास बोट' हा चित्रपट आला तो त्यानंतर, 1981 मध्ये. प्रवेशासाठी जर्मनची चांगली तयारी लागते. पहिल्या दीर्घ चित्रपटासाठी झेडडीएफचा 'दास क्लाइने फर्नझेश्पील' हा विभाग 1963 पासून नवोदितांना संधी देत आला आहे. तिथे आपली स्वतःची पटकथा स्वतः दिग्दर्शित करणे अपवाद मानले जात नाही.

तयार असलेली पटकथा थेट वाहिनीकडे पाठवू नका. तिचे चार-पाच पानांचे कथासार जर्मनमध्ये करा, एखाद्या जर्मन भाषिक सहलेखकाकडून संवाद तपासून घ्या, आणि गुन्हेपट करणाऱ्या लहान निर्मिती कंपन्यांकडे ते पाठवा. कथा पुण्यातली असेल तर ती ओढून हॅम्बुर्गला नेऊ नका. जर्मनीत राहणाऱ्या भारतीय अभियंत्यांच्या, परिचारिकांच्या, विद्यार्थ्यांच्या वस्त्या आपल्याला आतून दिसतात, आणि त्या जगातल्या गुन्ह्याची कथा तिथल्या लेखकांना आपल्याइतकी नेमकी लिहिता येणार नाही. कथासारात खून कोणी केला हे लपवू नये. संपादकाला शेवट माहीत असल्याशिवाय तो निर्णय घेत नाही.

आपले वय, भाषेची सध्याची परीक्षा-पातळी आणि लघुपटांपैकी एखादा वीस मिनिटांपर्यंतचा पूर्ण झालेला आहे का, हे कळवलेत तर कोणत्या विद्यालयाकडे आधी अर्ज करावा आणि त्याबरोबर कोणता लघुपट जोडावा, हे अधिक नेमकेपणाने सांगता येईल.